सीडीवरचं कुंकू

औरादमध्ये कॉम्प्युटर बिघडला की लोक आधी त्याला एक थापट मारत आणि मग सिद्धरामला बोलावत. साल २००७. तालुक्याच्या गावात कॉम्प्युटर असतील तीस-पस्तीस, आणि ते दुरुस्त करणारा एकटा सिद्धराम. गुलबर्ग्याला हार्डवेअरचा कोर्स करून, तिथल्याच एका दुकानात दोन वर्षं घासून तो परत आला होता आणि बसस्टँडच्या मागे त्यानं स्वतःचं दुकान टाकलं होतं. दुसरा वैद्य नसला की असेल त्याच्याच पाया पडावं लागतं. गाव त्याला मान देत होतं.

फक्त एक गोष्ट गाव विसरत नव्हतं. बरोबरीची पोरं त्याला अजून 'बॅ' म्हणून हाक मारत. शेजारचा झेरॉक्सवाला शिवय्या तर दिवसातून दहा वेळा.

हे नाव गुंडेराव सरांनी दिलेलं. सर हायस्कूलचे हेडमास्तर, इंग्रजी आणि गणित शिकवत. सिद्धराम आठवीत होता आणि बाप इरप्पा तेव्हा अजून मेंढरं राखत होता. फळ्यावर अपूर्णांकाचं गणित अडलं, तेव्हा सर म्हणाले, "मेंढरं मोजता येतात आणि एवढं येत नाही? मग मेंढरासारखं ओरडून दाखव." सिद्धरामला वाटलं, गंमत असेल. गंमत नव्हती. दारात उभं राहून, चाळीस पोरांपुढे, सर पुरे म्हणेपर्यंत त्याला ओरडावं लागलं. पोरं हसली, सरही हसले, आणि तास संपल्यावर सर ते विसरून गेले असावेत. मारणारा विसरतोच.

घरी येऊन तो रडला तेव्हा इरप्पा म्हणाला होता, "मेंढरू कुणाचं वाईट करत न्हाई बाबा. त्याचं नाव भेटलं तर रडायलास कामून?" बापाचं हे म्हणणं सिद्धरामला तेव्हा पटलं नाही आणि नंतरही कधी पटलं नाही.

त्याच गुंडेराव सरांचा दिवाळी संपल्यावर फोन आला. कॉम्प्युटरला कॅमेरा जोडायचा आहे, जोडला जात नाही, येऊन जा.

सर आता निवृत्त झालेले. मुलगा संकर्षण अमेरिकेत. त्याला मुलगी झाली होती, श्रीलक्ष्मी, नऊ महिन्यांची. कागदपत्रांच्या भानगडीत दोन वर्षं तरी त्याला येता येणार नव्हतं. म्हणून त्यानं ओळखीच्या माणसाबरोबर छोटा कॅमेरा पाठवला होता, सोबत त्याची सीडी. सरांनी बिदरहून कॉम्प्युटर आणला, टेलिफोन खात्याचं नुकतंच आलेलं ब्रॉडबँड घेतलं. एवढं सगळं झालं आणि काम कॅमेऱ्यापाशी अडलं.

दार शारदाबाईंनी उघडलं. सरांची बायको. मान जराशी वाकडी करून त्यांनी त्याला न्याहाळलं.

"इरप्पांचा ना रे तू? ये. उजेडाकडं तोंड कर बघू, असं. हां, दिसलास."

त्याला बसवून त्यांनीच सांगितलं, लपवण्यासारखं काही नसल्यासारखं. काचबिंदू. डावा डोळा दोन वर्षांपूर्वीच गेला. उजव्यानं आता नळीतून बघितल्यासारखं दिसतं, समोरचं तेवढं. गुलबर्ग्याचे डॉक्टर म्हणाले, थेंब घालत राहा, पण भरवसा नाही. महिने जातील, नाहीतर एखाद्या सकाळी एकदम जाईल.

"फोटो पाठवतो संकर्षण. पण फोटोतलं लेकरू हलत नाही रे. रांगायला लागलीय म्हणे. तेवढं एकदा बघायचंय. मग डोळ्याचं काय व्हायचं ते होऊ दे."

सिद्धराम कामाला बसला. कॅमेरा नुसता जोडून चालत नाही, त्याचा ड्रायव्हर कॉम्प्युटरमध्ये बसवावा लागतो. औरादच्या कचेरीत कानडी साहेब आणि मराठी शेतकरी यांच्यामध्ये दोन्हीकडचं बोलणारा एक माणूस लागतो ना, तसा कॅमेरा आणि कॉम्प्युटर यांच्यामधला हा माणूस. तो सीडीत असतो. सीडीवर सरांनी जांभळ्या पक्क्या शाईनं आपलं नाव आणि तारीख लिहिली होती. त्या घरात चमच्यांवरसुद्धा नावं होती.

सीडी घातली. हिरवी पट्टी पुढे सरकली आणि त्रेसष्ट टक्क्यांवर थांबली. पडद्यावर चौकट आली, फाईल कॉपी होत नाही. पुन्हा केलं, पुन्हा तेच. तिसऱ्यांदा त्यानं सीडी बाहेर काढली, उलटी केली आणि खिडकीच्या उजेडात धरली.

चकचकीत बाजूवर कुंकवाचं बोट होतं. बाजूला हळदीचा डाग आणि वाळलेल्या अक्षतेचा एक तुकडा.

त्याला हसूच आलं. खंडेनवमी. त्या दिवशी घरातली सगळी हत्यारं पाटावर मांडून पुजतात. शारदाबाईंनी कॉम्प्युटर पुजला, त्याचा माऊस नावाचा उंदीर पुजला, आणि सीडी पुजायची म्हटल्यावर नाव लिहिलेली बाजू खाली ठेवून चकचकीत बाजूला ओलं कुंकू लावलं. देवाचा टाकही चकचकीत बाजूनंच पुजतात, त्यांचं काय चुकलं. साबणाचं पाणी घ्यायचं, मऊ फडक्यानं मधून कडेकडे सरळ पुसायचं, गोल पुसायचं नाही, की झालं. पाच मिनिटांचं काम.

तो पाणी मागणार एवढ्यात पलीकडच्या खुर्चीवर वर्तमानपत्र वाचणाऱ्या सरांनी मान वर केली.

"काय सिद्धराम, अडलं का? आता काय, बॅ म्हणायचं?"

आणि ते हसले. वाईट मनानं नाही हसले. जुन्या विद्यार्थ्याशी गंमत केली, बस्स. म्हणजे ते विसरले नव्हते. त्यांना सगळं आठवत होतं आणि आठवून हसू येत होतं.

सिद्धरामनं सीडी कव्हरात घातली. "ड्रायव्हर बसायला न्हाई सर. सीडी कंपनीकडूनच खराब आलीय. बंगळूरहून दुसरी मागवावी लागंल. ही मी घेऊन जातो, नमुन्याला."

"नेटवर नाही मिळत?"

"ह्या मॉडेलचा न्हाई मिळत."

मिळत होता. अर्ध्या तासात उतरवून घेता आला असता. शारदाबाई मागे खुर्चीवर बसल्या होत्या. मान वाकडी करून त्या एकटक त्याच्या हातातल्या कव्हराकडे बघत राहिल्या.

सीडी दुकानाच्या ड्रॉवरमध्ये पडली. सिद्धरामचा बेत फार मोठा नव्हता. सरांना एकदा आपल्या दारात यायला लावायचं, जरा ताटकळत ठेवायचं, मग जाऊन बसवून द्यायचं. एवढंच. वाईट काम करायला निघालेला माणूस स्वतःला नेहमी एवढंच सांगतो.

आठ दिवसांनी सर आले. सिद्धरामनं त्यांना बाकावर बसायला सांगितलं आणि एक बंद पडलेला प्रिंटर खोलून बसला. तो प्रिंटर कुणाला नको होता. तासाभरानं मान वर करून म्हणाला, "न्हाई आली सर अजून. फोन करून यायचं ना." सर छत्री टेकत निघून गेले. सिद्धरामला त्या दिवशी दोन भाकरी जास्त गेल्या.

मग फोन सुरू झाले. मार्गशीर्षातल्या एका दुपारी सरांचा फोन आला तेव्हा दुकानात शिवय्या होता आणि आणखी चारजण होते. सिद्धरामनं फोनचा स्पीकर लावला.

"सर, कॉम्प्युटर चालू करा. डिव्हाइस मॅनेजर उघडा, मागं दाखवलं होतं तसं. कॅमेऱ्यापुढं पिवळं चिन्ह हाय? त्यावर दोनदा टिचकी मारा. काय लिहिलंय वाचा."

"धिस डिव्हाइस कॅनॉट स्टार्ट. कोड टेन."

"तसं नको सर. एकेक अक्षर सांगा. एका अक्षराचा फरक असंल तर कंपनी दुसराच ड्रायव्हर पाठवते."

हे धादांत खोटं होतं. सरांनी वाचायला सुरुवात केली. टी, एच, आय, एस. पस्तीस वर्षं इंग्रजी शिकवलेला माणूस बालवाडीतल्या पोरासारखा एकेक अक्षर उच्चारू लागला. मध्येच सिद्धराम म्हणाला, "चुकलं वाटतं सर. पहिल्यापासून." सरांनी पहिल्यापासून म्हटलं. शिवय्यानं तोंडात टॉवेल कोंबला होता. तिसऱ्यांदा म्हणताना सरांचा आवाज बसला, तरी त्यांनी शेवटच्या अक्षरापर्यंत म्हटलं.

आणि त्या अक्षरांच्या मागून, लांबून, शारदाबाईंचा आवाज आला. "लागला का हो? दिसायलंय का काही?"

सिद्धरामला तो ऐकू आला. ऐकू आला नाही असं त्याला पुढे कधीच म्हणता येणार नव्हतं. त्यानं स्पीकर बंद केला, "ठेवतो सर," म्हणाला आणि शिवय्याला चहा सांगायला पाठवलं.

जानेवारी लागला. एका सकाळी सर दुकान उघडायच्या आधीच येऊन पायरीवर उभे होते. बसले नाहीत.

"सिद्धराम, तिचं दिसणं फार कमी झालंय. काल ताटातली चटणी चाचपली तिनं. तू मला बंगळूरचा पत्ता दे, मी स्वतः जाऊन ती सीडी घेऊन येतो."

"कशाला सर, तिथं तुम्हाला कोण उभं करतंय. येईल की."

सरांनी छत्री काखेत धरली आणि दोन्ही हात जोडले. "हात जोडतो बाबा. काहीतरी कर."

हेच तर पाहिजे होतं. बारा वर्षं सिद्धरामनं हेच डोळ्यांपुढे आणलं होतं. आता ड्रॉवर उघडायचा, सीडी नळाखाली धरायची आणि सरांच्या मागोमाग जायचं. पण त्यानं इकडे-तिकडे बघितलं. शिवय्याचं शटर बंद होतं, रस्त्यावर एक कुत्रं तेवढं होतं. कुणी बघितलंच नाही. चाळीस पोरांपुढे गेलेलं कुत्र्यापुढे परत घेतलं, तर ते फिटलं कसं?

"बाजाराच्या दिवशी या सर," तो म्हणाला. "दुपारी. तवर येतीयच बघा सीडी."

अशी ही भूक. पहिल्या घासाला मेली असती तर सगळ्यांचंच भलं झालं असतं.

बाजाराच्या दिवशी त्यानं दुकानाबाहेर खुर्ची मांडली. गावोगावच्या जीपा भरून आल्या होत्या, रस्त्याला पाय ठेवायला जागा नव्हती. शिवय्याला त्यानं आधीच सांगून ठेवलं होतं, आज हलू नको. दोन वाजले, चार वाजले. भाजीवाल्या बायकांनी उरलेली मेथी स्वस्तात काढली. सर आले नाहीत.

दुसऱ्या दिवशीही नाहीत, तिसऱ्याही नाहीत. फोन नाही. सिद्धरामला आधी राग आला, मग जेवण जाईना. चौथ्या सकाळी त्यानं सीडी बाहेर काढली, दुकानामागच्या नळावर साबण लावून धुतली, बनियनच्या फडक्यानं मधून कडेकडे पुसली. कुंकवाचा लाल ओघळ मोरीतून गेला. नाव आणि तारीख पक्क्या शाईतली, ती तशीच राहिली. ती त्याच्या लक्षातही आली नाही.

दार सरांनी उघडलं. दाढी वाढलेली. "आली का सीडी?" त्यांनी विचारलं, तेही पोस्टमनला विचारावं तसं.

"आली सर. नवीन."

"बसव."

शारदाबाई कॉम्प्युटरसमोरच्या खुर्चीवर होत्या. त्यानं सीडी घातली. हिरवी पट्टी त्रेसष्टावर क्षणभर थबकली आणि पुढे गेली. शंभर. पिवळं चिन्ह गेलं. सगळं मिळून सात मिनिटं लागली. कॅमेऱ्याचा बारका दिवा लागला आणि पडद्यावरच्या चौकोनात त्या खोलीचीच खिडकी दिसली, खुर्ची दिसली, शारदाबाई दिसल्या. पडद्यातल्या शारदाबाई भलतीकडेच तोंड करून बसल्या होत्या.

"काकू, इकडं बघा. दिसायलं बघा."

त्यांनी आवाजाच्या दिशेनं तोंड फिरवलं. डोळे उघडे होते. ते त्याच्या खांद्यावरून पलीकडे कुठेतरी लागले होते.

"बाजाराच्या दिवशी सकाळी उठले तर अंधारच रे," त्या म्हणाल्या. "मला वाटलं, उजाडायचंय अजून. ह्यांना म्हटलं, दिवा लावा. हे म्हणाले, ऊन आलंय पायापर्यंत."

सिद्धरामचा हात माऊसवर होता. तो तिथंच राहिला.

तिकडे संध्याकाळ होती. सरांनी फोन केला आणि पाच मिनिटांत चौकोनात संकर्षण दिसला, मागे त्याची बायको, आणि सतरंजीवर निळ्या झबल्यातलं एक गोरंगोमटं पोर. ते हातांवर उठलं, डुललं आणि कॅमेऱ्याकडे रांगत निघालं.

"काय करायली?" शारदाबाईंनी विचारलं. "सांगा ना हो. काय करायली ती?"

सरांनी तोंड उघडलं. पस्तीस वर्षं ज्यांच्या तोंडाला कधी खळ पडला नाही, त्यांना "ती... ती..." याच्यापुढे जाता येईना. ते उठले आणि आत निघून गेले.

"गेले का हे? रडायला गेले. सिद्धराम, तू सांग बाबा."

आणि सिद्धरामनं सांगितलं. रांगायली काकू. डावा हात आधी टाकायली. आता बसली. वायर धरायली तोंडात घालायला. काढून घेतली वायर. आता हसायली, खालचे दोन दात हायत. शारदाबाई डुलत्या मानेनं ऐकत होत्या आणि मध्येच हात पुढे करून पडद्याची काच चाचपत होत्या. बोट लेकराच्या तोंडावर पडलं की सिद्धराम सांगे, हां, हा गाल. वीस मिनिटं त्यानं सांगितलं. अशी शिक्षा सरांना सात जन्मांत सुचली नसती.

फोन संपला. शारदाबाईंनी पदरानं काच पुसली आणि आवाज खाली आणला.

"एक बोलायचंय, हे आत आहेत तवर. त्या दिवशी तू ती सीडी उजेडात धरलीस ना, तवा मलाही दिसलं. कुंकू. मीच लावलं होतं खंडेनवमीला. माझ्या मेलीच्या हातानं एवढी महागाची वस्तू वाया गेली. मला घाम फुटला रे. आता हा सांगणार आणि हे घर डोक्यावर घेणार. आणि तू म्हणालास, कंपनीकडूनच खराब आली."

सिद्धरामची नजर सीडीच्या कप्प्याकडे गेली.

"दोन महिने हे तुझ्या दुकानाच्या पायऱ्या झिजवत होते. तरी तू माझं नाव घेतलं नाहीस. गपचीप नवी मागवलीस. माझी चूक पोटात घातलीस बाबा. पोटच्यानं केलं नसतं एवढं. देव तुझं चांगलं करो."

सर आत नव्हते. कागदात बांधलेलं एक पुडकं हातात घेऊन ते स्वयंपाकघराच्या दारात उभे होते. शारदाबाईंना ते दिसत नव्हते. सिद्धरामला दिसत होते.

सर अनवाणी पावलांनी कॉम्प्युटरपाशी आले आणि बटण दाबलं. सीडीचा कप्पा बाहेर आला. त्यात त्यांचंच नाव होतं, त्यांच्याच अक्षरात, दसऱ्याच्या आदल्या आठवड्याची तारीख. त्यांनी ती सीडी उलटी करून खिडकीकडे धरली, सिद्धरामनं धरली होती तशीच. लख्ख होती. त्यांनी ती हळूच परत ठेवली.

"कोण? तुम्ही का?" शारदाबाई दचकल्या.

"मीच. सोडून येतो त्याला."

दोघं फाटकाशी आले. तिथे सर थांबले.

"मी तुला चाळीस पोरांपुढं ओरडायला लावलं होतं. आठवतंय मला. तू भर बाजारात सांगितलं असतंस तर मी ओरडलो असतो रे. लाज सोडून ओरडलो असतो." त्यांना दम लागला. "मी केलं, तर माझ्याकडून घ्यायचं. तिच्याकडून कामून घेतलंस?"

सिद्धरामनं त्यांचे पाय धरायला हात पुढे केले. सर मागे सरले.

आतून शारदाबाईंचा आवाज आला. "पोळ्या दिल्या का त्याला? नुसता पाठवू नका."

सरांनी पुडकं पुढे केलं. "शेंगाच्या पोळ्या आहेत. संक्रांतीच्या. चाचपून लाटल्यात तिनं काल, आज ना उद्या तू येशील म्हणून. घे. तू न घेता गेलास तर ती का म्हणून विचारेल, आणि मला तिला सांगता यायचं नाही. तिला काही कळता कामा नये. तुझं नाव देवापुढं घेते ती, घेऊ दे. आणि परत ह्या दारात दिसू नकोस."

त्यानं पुडकं घेतलं. कागदाला तुपाचा डाग पडला होता.

दुकानापाशी शिवय्या शटर वर ढकलत होता. पुडकं बघून म्हणाला, "काय बॅ, सरांनी गोड खायला घातलं व्हय? आपल्याला कामून न्हाई?"

सिद्धरामनं पुडकं त्याच्या हातात दिलं आणि आत जाऊन बसला. त्या नावानं अंगावर नेहमी येणारा काटा आज आला नाही. त्याला इरप्पा आठवला. मेंढरू कुणाचं वाईट करत नाही, बाप म्हणाला होता. त्या नावाचीसुद्धा आपली लायकी राहिली नाही, एवढं त्याला कळलं.

बाहेर शिवय्या खात होता. "पोळ्या वाकड्या हायत रे," तो म्हणाला, "पण गोड हायत."